रोज संध्याकाळी "आज घेऊन जातील" म्हणणारे बाबा, आणि मिन्कोव्स्की नावाचे फ्रेंच डॉक्टर

प्रतापनगरकर:

नमस्कार. प्रश्न जरा लांबेल. अर्धा घरचा आहे, अर्धा पुस्तकातला.

माझे बाबा ६८ वर्षांचे. रेल्वेत फिटर होते. मागच्या पावसाळ्यापासून त्यांच्या मनात एक भीती बसली आहे. दिवसभर बरे असतात, पेपर वाचतात, आईला भाजी निवडून देतात. दिवेलागण झाली की सुरू होतं. स्टोअरच्या कुठल्याशा जुन्या रजिस्टरावर त्यांची सही आहे, त्यातला सामानाचा हिशोब जुळत नाही, ते आता उघडकीला आलंय आणि आज रात्री लोक येऊन त्यांना घेऊन जाणार. "आज राती येतीन थे." कोण येणार विचारलं तर "थे लोक." त्यांच्याबरोबर नोकरी केलेले दोन काका घरी येऊन सांगून गेले की असं रजिस्टर नव्हतं आणि असा घोळही कधी झाला नव्हता. बाबांनी त्यांना चहा पाजला, "हो जी, हो जी" केलं, आणि ते फाटकाबाहेर पडताच मला म्हणाले, "थे बिचारे मले वाचवून रायले."

रात्री ते फुल शर्ट आणि पँट घालूनच झोपतात. बनियनवर नेलं तर बरं दिसणार नाही म्हणून. उशाशी कापडी पिशवी असते. तिच्यात टॉवेल, मंजन, पेन्शनचं पुस्तक आणि आईसाठी लिहिलेली चिठ्ठी, गॅसचा नंबर कुठे लावायचा, विजेचं बिल कोणत्या डब्यात आहे वगैरे. ती चिठ्ठी मी वाचली तेव्हा बाहेर अंगणात जाऊन उभा राहिलो.

मला वाटलं, रोज सकाळी पुरावा दाखवला तर फरक पडेल. भिंतीवरच्या कॅलेंडरवर लाल पेनाने टिक करायला लागलो. "बाबा, काल कोणी आलं?" "नाई." "परवा?" "नाई." "मग आज कसे येतील?" तर ते त्या टिकांच्या रांगेकडे अगदी नीट बघतात आणि म्हणतात, "तुयं बरोबर आहे बेटा. काल नाई आले. पण आज येतीन."

उपचार चालू आहेत. मानसोपचारतज्ज्ञांकडे दाखवलं आहे, गोळ्या सुरू आहेत, झोप थोडी सुधारली. पण ओपीडीत मागे इतकी रांग असते की हे सगळं सांगायला तोंड उघडावं तोवर पुढचा नंबर पुकारला जातो.

एका रात्री झोप येईना म्हणून मोबाइलवर शोधत बसलो होतो. एका इंग्रजी लेखात यूजीन मिन्कोव्स्की हे नाव सापडलं. पॅरिसमधले मानसोपचारतज्ज्ञ, तत्त्वज्ञानाचे अभ्यासक. शंभरेक वर्षांपूर्वी त्यांच्या एका रोग्यालाही रोज रात्री हीच खात्री असायची की आज आपल्याला नेऊन मारणार. लेख अवघड होता, निम्मा डोक्यावरून गेला. पण कॅलेंडरची गोष्ट त्यात जशीच्या तशी होती.

इथे तत्त्वज्ञानाची मंडळी आहेत म्हणून विचारतो. हे मिन्कोव्स्की कोण? त्यांनी त्या रोग्याबद्दल नेमकं काय म्हटलं? आणि माझ्यासारख्या बँकेत कारकुनी करणाऱ्याला त्यातून घरात करण्यासारखं काही मिळेल का?

बर्डीवाला_औषधी:

दादा, मी औषधांच्या धंद्यात आहे, त्यामुळे सरळ बोलतो. तत्त्वज्ञानाने भ्रम जात नाही. १९५२ साली पॅरिसच्याच सेंट-आन रुग्णालयात झां दले आणि पिएर दनिकेर यांनी क्लोरप्रोमाझिन हे औषध मानसिक रुग्णांना देऊन पाहिलं, आणि तिथून या आजारांचं चित्र बदललं. त्याआधी डॉक्टरांकडे देण्यासारखं फारसं काही नव्हतं, म्हणून ते रोग्याजवळ बसून लिहीत. गोळ्या वेळेवर द्या, मनाने बंद करू नका, डोस स्वतः कमीजास्त करू नका. काकांना लवकर बरं वाटो.

सुमती_महाल:

प्रतापनगरकर, तुमचा मजकूर वाचला आणि लगेच लिहायला बसले. मी नागपुरात बरीच वर्षं तत्त्वज्ञान शिकवलं. फ्रेंच तत्त्वज्ञ बर्गसाँ शिकवताना मिन्कोव्स्की वाचले. माझा थोरला भाऊ छिन्नमनस्कतेने, म्हणजे स्किझोफ्रेनियाने, आजारी होता, आणि महालातल्या आमच्या घरात मी त्याच्याबरोबर वाढले, म्हणून ते वाचन मला परीक्षेपुरतं ठेवता आलं नाही.

औषधीवाल्या भाऊंचं औषधांबद्दलचं म्हणणं सोळा आणे खरं आहे. माझ्या भावाला गोळ्या मिळाल्या म्हणून तो आमच्यात राहू शकला. पण देण्यासारखं काही नव्हतं म्हणून ते डॉक्टर बसून लिहीत, हे मला पटत नाही. मिन्कोव्स्कींना रोग्याच्या जगात काय चाललं आहे ते जाणून घ्यायचं होतं. औषध आल्यावरही तो प्रश्न जागेवरच आहे. तुमच्या घरात रोज संध्याकाळी तोच तर उभा राहतो.

आधी माणसाबद्दल सांगते. जन्म १८८५, सेंट पीटर्सबर्ग, घर पोलिश ज्यू. वैद्यकीचं शिक्षण वॉर्साला सुरू झालं आणि म्युनिकला पुरं झालं. डॉक्टर झाल्यावर दवाखाना थाटायचं सोडून ते गणित आणि तत्त्वज्ञान शिकायला बसले. बायको फ्रांस्वाझ, त्याही मानसोपचारतज्ज्ञ आणि स्वतंत्रपणे मोठ्या. पहिलं महायुद्ध पेटलं तेव्हा दोघं झुरिकला गेले आणि बुर्गहोल्झली रुग्णालयात ऑयगेन ब्लॉयलर यांच्या हाताखाली काम करू लागले. स्किझोफ्रेनिया हे नाव देणारे ते हेच ब्लॉयलर. पुढे १९१५ मध्ये मिन्कोव्स्की स्वतःहून फ्रेंच सैन्यात डॉक्टर म्हणून भरती झाले, व्हर्दांची आघाडी त्यांनी पाहिली. मग फ्रान्सचे नागरिक झाले आणि १९७२ मध्ये मरेपर्यंत पॅरिसचेच राहिले.

ब्लॉयलरकडून त्यांना रोगी मिळाले आणि बर्गसाँकडून काळाचा विचार. घड्याळात मोजला जाणारा काळ वेगळा आणि माणूस जगतो तो काळ वेगळा, हे बर्गसाँचं म्हणणं वर्गात सांगून झालं की पोरं वहीत उतरवून घेत आणि विसरत. मिन्कोव्स्कींनी ते घेऊन रुग्णालयात पाऊल टाकलं आणि विचारलं: हा जगलेला काळच एखाद्याचा बिघडला तर? त्यांचा मुख्य ग्रंथ १९३३ चा, आणि त्याचा विषय हाच, जगलेला काळ.

आता तो रोगी. वर्ष १९२२. ६६ वर्षांचे गृहस्थ, मूळचे परदेशी. मिन्कोव्स्की त्यांचे खासगी डॉक्टर म्हणून दोन महिने त्यांच्याबरोबर एका घरात राहिले. हे लक्षात घ्या, कारण सगळं त्यावर उभं आहे. ते टेबलापलीकडून प्रश्न विचारत नव्हते. एकत्र जेवत होते, फिरायला जात होते, रात्री शेजारच्या माणसाचं कण्हणं ऐकत जागत होते. त्या गृहस्थांच्या मनात होतं की आपण मोठे गुन्हेगार आहोत. फ्रेंच नागरिकत्व घेतलं नाही, कर भरले नाहीत, कागदपत्रं नाहीत. तुमच्या बाबांचं रजिस्टर वाचताना मला तेच आठवलं. दप्तरातली एखादी बारीकशी चूक, आणि तिला शिक्षा मात्र अशी की ऐकवत नाही. हातपाय तोडणार, वाजतगाजत जत्रेत नेणार, पिंजऱ्यात जनावरांबरोबर कोंडणार.

आणि एक विलक्षण गोष्ट. जगात जे जे उरतं, फेकलं जातं, ते सगळं आपल्यासाठी साठवून ठेवलं जात आहे आणि एक दिवस आपल्या पोटात कोंबलं जाणार, अशी त्यांची खात्री होती. कोणी सिगारेट ओढली की त्यांना राख, जळलेली काडी आणि थोटूक दिसे. जेवणात पावाचे तुकडे, फळांच्या बिया, कोंबडीची हाडं, पेल्याच्या तळाशी राहिलेली दारू. अंडं तर त्यांचा वैरी, कारण त्याचं टरफल. रस्त्याने घोडा गेला की लीद. डोळ्यांसमोर आलेली प्रत्येक वस्तू शेवटी त्यांच्याच पोटाकडे वळायची.

माझ्या भावाचं सांगते. आमच्या घरावरून मारबतीची मिरवणूक जायची. नागपूरकरांना सांगायला नको, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काळी आणि पिवळी मारबत निघते, "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत" अशी आरोळी उठते आणि सगळं गाव रस्त्यावर येतं. आम्ही पोरं गच्चीवरून ओरडायचो. भाऊ आतल्या खोलीत कोठीच्या मागे जाऊन बसायचा. ज्या पीडेला घालवायला हा सगळा गाव जमला आहे ती पीडा आपणच, असं त्याला वाटायचं. आई त्याच्याशेजारी बसून वाती वळायची. मिरवणूक बडकस चौकाकडे वळून आवाज विरेपर्यंत ती उठायची नाही. त्याला ती काही समजावतही नसे.

परत पॅरिसला येते. पहिल्याच दिवशी रोगी म्हणाले, आज रात्री मला मारणार. रात्रभर स्वतः झोपले नाहीत, डॉक्टरांना झोपू दिलं नाही. मिन्कोव्स्कींनी मनाची समजूत घातली की सकाळ झाली की यांना कळेल, भीती खोटी होती. सकाळ झाली. संध्याकाळी पुन्हा तेच. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशी तेच. तीनचार दिवसांत डॉक्टरांनी आशा सोडली. रोग्याची खात्री तसूभर हलली नव्हती.

मिन्कोव्स्कींचा मोठेपणा मला इथे दिसतो. हा माणूस ऐकत नाही, हा हट्टी, असं म्हणून त्यांनी वही मिटली नाही. दोघांकडे शेजारी शेजारी ठेवून पाहिलं. त्याच रात्री, त्याच सकाळी, तीच घटना. मी तीनच दिवसांत त्यातून पुढच्या दिवसांबद्दल निष्कर्ष काढला. याने काढला नाही. असं का? बुद्धी तर शाबूत आहे. डॉक्टर म्हणाले, पाहा, आजवर माझं म्हणणं खरं ठरलं. रोग्याने ते लगेच मान्य केलं आणि वर म्हटलं की आजवर खरं ठरलं म्हणून उद्याही ठरेल असं नाही. तर्काच्या परीक्षेत हे उत्तर चुकीचं म्हणता येत नाही, मी पेपर तपासले असते तर गुण द्यावे लागले असते.

मिन्कोव्स्कींचं उत्तर असं. कालपासून आजपर्यंत आणि आजपासून उद्यापर्यंत आपल्याला वाहून नेणारं जे काही आपल्यात आहे, तेच या माणसात थांबलं आहे. त्याच्या पुढचा काळ बंद झाला आहे. दिवस येतात आणि जातात, पण एकातून दुसऱ्यात काही उतरत नाही. प्रत्येक दिवस सुटा. म्हणून पुरावा साठत नाही. तुमच्या कॅलेंडरवरच्या लाल टिका तुम्हाला एक रांग म्हणून दिसतात. बाबांना त्या एकेक टिक म्हणून दिसत असाव्यात.

पुढे ते आणखी एक पाऊल जातात, आणि ते पाऊल मला फार महत्त्वाचं वाटतं. आपण सहज म्हणतो की मृत्यूच्या भीतीमुळे या माणसाला उद्या दिसत नाही. मिन्कोव्स्की हे उलटं करून पाहायला सांगतात. उद्या आधी बंद झाला असेल तर? ज्याला पुढचं काहीच जाणवत नाही, त्याच्या मनाला या रिकाम्या जागेसाठी काहीतरी कारण लागणार. आणि पुढे काहीच नसण्याला आपल्या ओळखीचं कारण एकच, मृत्यू. फाशीच्या आदल्या रात्री तुमचं माझं मनही असंच होईल. तेव्हा भ्रम म्हणजे नुसती कल्पनेची भरारी नाही. ज्याला नाव नाही अशा एका बदलाला माणूस आपल्या आयुष्यातलं एखादं नाव देतो. त्या गृहस्थांनी दिलं करांचं आणि नागरिकत्वाचं. तुमच्या बाबांनी, आयुष्यभर सामानाचा चोख हिशोब ठेवलेल्या माणसाने, रजिस्टराचं दिलं.

म्हणजे रजिस्टर खोटं आहे हे सिद्ध करून काही हाती लागत नाही. ते पडलं तर दुसरं काही उभं राहील.

छिन्नमनस्कतेबद्दलही त्यांनी लिहिलं आहे, १९२७ चं पुस्तक. त्यात मूळ बिघाड कुठला, तर भोवतालाशी असलेला जिवंत संबंध तुटतो, हा. आपण कुठे आहोत हे रोग्याला माहीत असतं, पण आपण तिथे आहोत असं आतून वाटत नाही. माझा भाऊ ओसरीवर बसून म्हणायचा, "ही आपली ओसरी आहे हे मला समजते नं, पण मी हितं नाही." मिन्कोव्स्कींचा एक शिक्षक रोगी आहे. त्याला सगळं आखीव, समसमान हवं असायचं. आयुष्यात तसा नेमकेपणा नाही म्हणून तो आयुष्य मोडायला तयार, पण आखलेलं मोडायला नाही. हे वाचताना माझ्या भावाने जोते झाडून गोटे एका रेषेत मांडलेले मला दिसतात, आणि त्यातला एक कोणी सरकवला की त्याचा होणारा चेहरा. त्या चेहऱ्याला वेडेपणा म्हणून टाकून देणं मला या पुस्तकानंतर जमेनासं झालं.

पुढचं थोडक्यात. दुसऱ्या महायुद्धात पॅरिस जर्मनांच्या हाती गेलं. मिन्कोव्स्की स्वतः ज्यू, तरी शहर सोडून गेले नाहीत. ओएसई या संस्थेबरोबर ज्यू मुलांना वाचवण्याचं काम करत राहिले. युद्ध संपल्यावर छळछावण्यांतून परतलेल्यांच्या भावना कशा बधिर होतात त्यावर १९४६ मध्ये त्यांनी लिहिलं. उद्या बंद होणं म्हणजे काय हे या माणसाने कागदावरून शिकलेलं नव्हतं.

तुमच्या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर. मिन्कोव्स्कींनी त्या रोग्याला बरं केलं असं त्यांनी कुठे म्हटलेलं नाही, त्यामुळे त्यांच्या नावावर मी तुम्हाला इलाज विकणार नाही. पण वाचून मला जे पटलं ते सांगते. कॅलेंडर भिंतीवरून उतरवा. रोज सकाळी बाबांची उलटतपासणी नको. तुमच्या हाती असलेला पुरावा त्यांच्यापर्यंत पोचतच नाही, आणि रोजच्या त्या सवालजबाबाने त्यांना एवढंच कळतं की मुलगा आपल्या बाजूला नाही. "येतीन" ला "हो, येतील" असंही म्हणू नका, त्यांच्याशी खोटं बोलू नका. "मला तसं वाटत नाही बाबा, पण तुम्हाला भीती वाटते आहे हे मला दिसतं, मी इथेच बसतो," एवढं म्हणा आणि खरंच बसा. मिन्कोव्स्कींना जे काही कळलं ते बसल्यामुळे कळलं.

सिस्टर_निवृत्त:

मी मानसिक आजारांच्या वॉर्डात नोकरी केली. सुमतीताईंचं सगळं वाचलं, तत्त्वज्ञान मला एवढं येत नाही, पण माणूस समजून घ्यायची गोष्ट पटली. मी कामाच्या चार गोष्टी सांगते.

भीती नेमकी संध्याकाळी सुरू होते, आणि पहिल्यांदाच, या वयात. हे डॉक्टरांना याच शब्दांत सांगा. म्हातारपणी स्मृतिभ्रंश सुरू होत असेल तर अंधार पडताना गोंधळ आणि भीती वाढते, हे आम्ही वॉर्डात रोज पाहायचो. नैराश्य खोल असेल तरी अपराधाचे आणि शिक्षेचे असेच भ्रम होतात. दोन्हींचे उपचार वेगळे. स्मरणशक्तीची तपासणी, थायरॉइड, बी-१२ झालं का विचारा. कान तपासा. ऐकू कमी येणाऱ्या म्हाताऱ्या माणसाला बाहेरचं प्रत्येक कुजबुजणं आपल्याबद्दलच वाटतं. लघवीला जळजळ, ताप, नवीन सुरू झालेली दुसरी कुठली गोळी, हेही सांगायचं.

ओपीडीत वेळ मिळत नाही, मान्य. म्हणून एका कागदावर लिहून न्या. किती वाजता सुरू होतं, किती वेळ राहतं, त्या दिवशी दुपारी झोपले होते का, जेवले का, काय शब्द वापरले. तुम्ही इथे लिहिलंय ना पिशवीचं आणि शर्टाचं, तेच लिहा. डॉक्टर कागद वाचतो, लांबलेलं बोलणं तोडतो.

संध्याकाळ व्हायच्या आत घरातले दिवे लावा. अंधार पडायची वाट पाहू नका. दिवेलागणीच्या वेळी त्यांच्या हाताला काम द्या, फिटर माणूस आहे, नळाचा वॉशर, पंख्याचं रेग्युलेटर, काहीही. टीव्हीवरच्या गुन्ह्यांच्या बातम्या त्या वेळेला बंद.

आणि एक गोष्ट स्पष्ट लिहिते, दुखेल तरी वाचा. ती आईसाठीची चिठ्ठी. जो माणूस आपण राहणार नाही असं धरून सगळी मांडणी करतो, त्याला "जिवाचं बरंवाईट करावंसं वाटतं का" हे सरळ विचारायचं असतं. विचारल्याने तो विचार डोक्यात जात नाही. गोळ्यांची पाकिटं तुमच्या ताब्यात ठेवा, फिनेल, उंदराचं औषध घरातून काढा. चिठ्ठीचं डॉक्टरांना पुढच्या तारखेची वाट न पाहता सांगा. रात्री अपरात्री अडलं तर टेलिमानस ही सरकारची मानसिक आरोग्याची हेल्पलाइन, १४४१६, फुकट आहे, मराठीत बोलता येतं. तब्येत एकदम बिघडली तर सरळ इमर्जन्सीला न्या.

लोक काय म्हणतील याचा विचार करू नका. आपल्याकडे मनोरुग्णालयात जायचं तर अजून रिक्षावाल्याला पागलखाना चौक सांगावं लागतं. त्या नावामुळे कितीतरी लोक उशिरा येतात. तुम्ही वेळेत गेलात.

प्रतापनगरकर:

सुमती मॅडम, सिस्टर, औषधीवाले दादा, तिघांचे आभार. सिस्टर, चिठ्ठीकडे मी तसं पाहिलंच नव्हतं. आज दुपारीच डॉक्टरांना फोन केला, उद्या सकाळी बोलावलं आहे. पाकिटं कपाटात कुलपात ठेवली. कागद लिहिला, दोन्ही बाजू भरल्या.

मी बाबांना सरळ विचारलं. म्हणाले, "नाई रे. मले मरायचं नाई. थे लोक मारतीन म्हणून तर भेव वाटते." इतके दिवस मी रजिस्टराबद्दल वाद घालत होतो, भीतीबद्दल हे आम्ही पहिल्यांदाच बोललो. मग आम्ही दोघांनी मागच्या अंगणातला गळका नळ उघडला. वॉशर झिजला होता. त्यांनी मला स्पॅनर कसा धरायचा ते दाखवलं, "असा नाई, आंगठा वर ठेव." काम संपत आलं तेव्हा अंधार पडला होता आणि ते फाटकाकडे बघायला लागले. "आज येतीन," म्हणाले. मी मॅडमनी सांगितलं तसंच म्हटलं. त्यांनी वाद घातला नाही. भीती गेली असं मी म्हणत नाही, शर्ट-पँट घालूनच झोपले आहेत.

मॅडम, एक विचारायचं राहिलं. तुम्ही म्हणालात पुढचा काळ बंद होतो. तो पूर्ण बंद असतो का? कारण "वॉशर उद्या नवा आणजो, हा चालनार नाई" असं बाबा आज म्हणाले. उद्या म्हणाले. आणि अर्ध्या तासाने तेच म्हणाले की आज घेऊन जातील.

सुमती_महाल:

हे तुम्ही टिपलंत, फार बरं वाटलं.

मिन्कोव्स्कींनाही हे दिसलं होतं. त्यांचे गृहस्थ सारखे एकाच अवस्थेत नसत. कधी सगळ्या गोष्टींचे अर्थ लावत, तक्रार करत, कण्हत, तेव्हा जवळ जाता येत नसे. कधी त्याच गृहस्थांशी बोलता येई, गप्पा होत. हे चढउतार दोन महिने जवळ राहिल्यामुळेच नोंदता आले, तपासणीच्या तासाभरात ते दिसले नसते. तेव्हा बंद म्हणजे कायमचं आणि सगळीकडून बंद असं धरू नका. आपण पुढच्या काळाकडे किती तऱ्हांनी वळतो ते त्यांनी ग्रंथात जोड्यांनी मांडलं आहे. काही करणं आणि नुसतं येणाऱ्याची वाट पाहणं ही एक जोडी. इच्छा आणि आशा ही दुसरी. प्रार्थना आणि नीतीचं कर्म ही तिसरी. नुसती वाट पाहताना माणूस जागच्या जागी आवळला जातो, येणारं त्याच्या अंगावर येतं. हात चालू असले की तो स्वतः पुढे सरकत असतो. बाबा फाटकाकडे पाहतात तेव्हा वाट पाहण्याच्या तऱ्हेने पुढच्या काळात असतात, स्पॅनर हातात असतो तेव्हा काही करण्याच्या. ही माझी जुळवाजुळव आहे, त्यांनी वॉशरबद्दल लिहिलेलं नाही, पण ग्रंथ समोर ठेवून मी ती करते आहे. हेही त्या कागदावर लिहा. वॉशरचं वाक्य आणि त्यानंतरचं वाक्य, वेळेसकट.

वाचायचं असेल तर मोठ्या ग्रंथापासून सुरू करू नका. त्या रोग्याची हकीगत इंग्रजीत "एक्झिस्टन्स" नावाच्या १९५८ च्या संग्रहात आहे, थोडीच पानं आहेत, तुम्हाला समजेल. "लिव्ह्ड टाइम" हे मोठ्या ग्रंथाचं इंग्रजी भाषांतर १९७० चं. त्यातला भविष्यावरचा भाग नंतर घ्या. माझ्याकडे हकीगतीची पानं आहेत, समासात पेन्सिलीने मराठीत लिहिलेलं आहे, काही जागी भावाबद्दलही. ती वाचायला देताना मला संकोच नाही. फोटो काढून उद्या दुपारी इथेच टाकते, तोवर तुमचं डॉक्टरांकडचं आटपेल. त्यांनी काय सांगितलं ते सिस्टरांना आवर्जून कळवा. आणि वॉशर घ्यायला बाबांना बरोबर घेऊन जा, माप त्यांना कळतं.